फॅल्केट म्हणजे कसं? विळीच्या पात्यावरून एक आकारशब्द शिकताना

वनस्पतींचं इंग्रजी पुस्तक पहिल्यांदा उघडलं की दुसऱ्या-तिसऱ्या ओळीतच अडखळायला होतं. पान ‘लॅन्सिओलेट’, टोक ‘अ‍ॅक्युमिनेट’, तळ ‘ऑब्लिक’, आणि मध्येच कुठेतरी ‘फॅल्केट’. पहिले तीन शब्द पुन्हा पुन्हा येतात, म्हणून आपोआप पाठ होतात. फॅल्केट मात्र क्वचित भेटतो. कोश उघडला तर समोर एकच अर्थ दिसतो, ‘विळ्यासारखा’. आता कुठला विळा, त्याचा कुठला भाग, किती वाकलेला, हे कोश सांगत नाही. आपण मान डोलावतो आणि पुढे जातो. पुढच्या वेळी झाडाखाली उभं राहिल्यावर हातातलं पान फॅल्केट आहे की नाही, हे काही ठरवता येत नाही.

रविवारी सकाळी झाडं बघायला येणाऱ्या नव्या मंडळींना मी हा एक शब्द मुद्दाम शिकवतो. लॅटिनमधले आकारशब्द शेकड्यांनी आहेत आणि ते पाठ करत बसलं तर महिन्याभरात विसरतात. त्यापेक्षा एकच शब्द हातात घेऊन, घरातल्या वस्तूशी ताडून, झाडावर तपासून शिकला तर बाकीचे कसे शिकायचे याची वाट सापडते. हा शब्द क्वचितचा असला तरी त्याची उदाहरणं आपल्या दारात आहेत, म्हणून मी याच्यापासून सुरुवात करतो.

आधी विळी समोर घ्या

स्वयंपाकघरातली विळी जमिनीवर ठेवा आणि एका बाजूनं तिचं पातं बघा. टोकाला खोवणी असेल तर तेवढी नजरेआड करा. पाटाला जोडलेलं असतं तिथे पातं रुंद आहे. वर जाताना ते निमुळतं होत जातं. धारेची कड आत वळलेली आहे, पाठीची कड बाहेर फुगलेली आहे, आणि दोन्ही कडा एकाच दिशेला झुकल्या आहेत. पातं चपटं आहे; ते वाकलंय, पण मुडपलेलं किंवा पिळलेलं नाही. कागदावर आडवं ठेवलं तर सपाट बसेल.

फॅल्केट म्हणजे हेच, आणि यातली एकही गोष्ट सोडता येत नाही. एका बाजूला झुकाव, दोन्ही कडांची एकच दिशा, टोकाकडे निमुळतेपणा आणि न पिळलेलं, एकाच पातळीतलं वळण. पान, शेंग, कळी, पंख, चोच, माशाचा पर, काहीही असो, या गोष्टी जुळल्या की शब्द लागू पडतो.

‘कोयत्यासारखं’ असं मात्र मी सांगत नाही. आपल्याकडच्या बऱ्याच कोयत्यांचं पातं मुठीपासून बरंच अंतर सरळ येतं आणि टोकाशी एकदम चोचीसारखं वळतं. तो आकार वेगळा. त्याला निराळा शब्द आहे, तो पुढे येईलच. विळीचं पातं किंवा भात कापायचा विळा डोळ्यांसमोर ठेवलेला बरा.

शब्द आला कुठून

लॅटिनमध्ये ‘फाल्क्स’ म्हणजे विळा. रोमन शेतकऱ्याकडे एकच फाल्क्स नव्हता. पीक कापायचा वेगळा, गवत कापायचा लांब वेगळा, झाडं सवळायचा वेगळा आणि द्राक्षवेल छाटायचा तर खास. पहिल्या शतकातल्या एका रोमन शेतीलेखकानं या वेल छाटायच्या फाल्क्सच्या एकेका भागाला स्वतंत्र नाव दिलंय: आतल्या वळणाला एक, चोचीसारख्या टोकाला दुसरं. रोममध्ये फाल्क्स बनवणाऱ्यांची आळीसुद्धा होती, पुण्यात तांबट आळी आहे तशी. शेतावर इतकं रुजलेलं हत्यार होतं, म्हणून त्याचा आकार भाषेतही रुजला. सोळाव्या-सतराव्या शतकांपासून युरोपातले अभ्यासक झाडांची वर्णनं लॅटिनमध्ये काटेकोर लिहायला लागले, तेव्हा त्यांनी शेत, स्वयंपाकघर आणि रणांगण यांतल्या वस्तूच उचलल्या: भाला, ढाल, बाण, तलवार, चमचा, विळा.

आता ‘फाल्क्स’मधला ‘क्स’ जाऊन ‘फॅल्केट’ कसा झाला? इंग्रजीतून शिकणारा इथे गोंधळतो. मराठी माणसानं गोंधळायचं कारण नाही, कारण आपल्याकडे सामान्यरूप आहे. विळा म्हणतो, पण प्रत्यय लागला की ‘विळ्या’ होतो: विळ्याला, विळ्याचा. तसंच लॅटिनमध्ये एकटा शब्द फाल्क्स, पण प्रत्यय लागताना त्याचं रूप ‘फाल्क्‌’. त्याला ‘-आतुस’ हा प्रत्यय लागला की ‘फाल्कातुस’. या प्रत्ययाचं काम आपल्या दातेरी, काटेरी या शब्दांतल्या ‘-एरी’सारखं समजा. दात, दातेरी, लॅटिनमध्ये डेन्स, डेन्टातुस. वस्तूचं नाव घ्यायचं आणि तिचा गुण दाखवणारं विशेषण करायचं, एवढंच.

आणखी एक सोय. लॅटिन विशेषण नामाच्या लिंगाप्रमाणे बदलतं आणि तिथेही आपल्यासारखी तीन लिंगं आहेत. वाकडा, वाकडी, वाकडं. तसं फाल्कातुस, फाल्काता, फाल्कातुम. म्हणून ‘अ‍ॅस्ट्रॅगॅलस फाल्कातुस’, ‘मेडिकागो फाल्काता’ आणि ‘सिर्टोमियम फाल्कातुम’ या तीन नावांत तीन वेगळी रूपं दिसतात. शब्द एकच आहे. लिंग शेवटच्या अक्षरावरून ओळखायला जाल तर मात्र कधी कधी फसाल. पिंपळाचं नाव ‘फायकस रिलिजिओसा’. ‘फायकस’ पुल्लिंगी वाटतो, पण लॅटिनमध्ये झाडांची नावं बहुधा स्त्रीलिंगी मानतात, म्हणून विशेषण ‘रिलिजिओसा’. आपण नाही का, पिंपळ ‘तो’ म्हणतो आणि चिंच ‘ती’ म्हणतो, कारण न विचारता?

उच्चाराचं थोडक्यात. इंग्रजीत वाचताना फॅल्केट. त्याच घराण्यातला दुसरा शब्द ‘फॅल्सिफॉर्म’, म्हणजे विळ्याच्या आकाराचा. त्यात ‘क’चा ‘स’ झाला, कारण पुढे ‘इ’ आला. जुन्या लॅटिनमध्ये दोन्हीकडे ‘क’च होता. कानाला वेगळे वाटले तरी दोघे सख्खे भाऊ आहेत, हे लक्षात ठेवा. हिवतापाच्या ‘फाल्सिपेरम’मध्येही हाच विळा आहे, त्याच्याकडे शेवटी येतो.

दोरा आणि दहा पानं

आता झाडाखाली चला. सोबत एक दोरा, पेन्सिल आणि कोरा कागद घ्या. पहिलं झाड म्हणून कडुनिंब घ्या, तो सगळीकडे आहे. कडुनिंबाचं आपण ‘पान’ म्हणतो ती खरं तर पर्णिका. मधल्या दांड्याला दोन्ही बाजूंनी अशा अनेक पर्णिका मिळून एक पान होतं. एक पर्णिका तोडा, कागदावर सपाट ठेवा. दोऱ्याचं एक टोक देठाशी, दुसरं पर्णिकेच्या टोकाशी धरून दोरा ताणा. आता मधली शीर बघा. शीर दोऱ्यावरच धावली तर पर्णिका सरळ. शीर पूर्ण लांबीभर दोऱ्याच्या एकाच बाजूला राहिली तर झुकाव आहे. आधी एका बाजूला जाऊन मग दोरा ओलांडून दुसऱ्या बाजूला गेली तर तो नागमोडी आकार, फॅल्केट नव्हे.

किती अंतर पडलं म्हणजे फॅल्केट म्हणायचं? त्याला ठरलेला आकडा नाही, आणि नवख्यांना याचाच राग येतो. मी एक साधी कसोटी वापरतो. दोरा न लावता लांबून बघूनही वाकणं दिसलं तर फॅल्केट. दोरा लावल्यावरच कळलं तर ‘सबफॅल्केट’, म्हणजे किंचित विळ्यासारखं. पुस्तकातही हा ‘सब’ वारंवार येतो आणि त्याचा अर्थ ‘थोडंसं, जवळपास’ असा असतो. कडुनिंबाच्या पर्णिकेला बऱ्याचदा ‘फॅल्केट-लॅन्सिओलेट’ असा जोडशब्द लावतात: भाल्याच्या पात्यासारखी लांबट, पण विळ्यासारखी झुकलेली.

इथे एक सापळा आहे, आणि त्यात मीही सुरुवातीला अडकलो होतो. कडुनिंबाच्या पर्णिकेचा तळ दोन्ही बाजूंनी सारखा नसतो. एक बाजू दुसरीपेक्षा जास्त भरलेली असते. या तिरकस तळाला ‘ऑब्लिक’ म्हणतात. माझ्या पहिल्या वहीत मी तिरकस तळ दिसला की ‘फॅल्केट’ लिहून मोकळा व्हायचो. दोन वर्षांनी त्या नोंदींवरून झाडं पुन्हा शोधायला गेलो, तेव्हा निम्म्या नोंदी वाया गेलेल्या निघाल्या. तिरकसपणा तळाचा असतो, फॅल्केटपणा संपूर्ण अंगाचा. एकाच पानात दोन्ही असू शकतात, कडुनिंबात असतातही. पण बोरीच्या एखाद्या पानाचा तळ तिरका दिसला म्हणून पान विळ्यासारखं होत नाही.

एका पानावर कधीही विसंबू नका. वेगवेगळ्या फांद्यांवरची दहा पानं बघा. सुकलेलं, कोमेजलेलं पान घेऊ नका. सुकताना पानं वाटेल तशी वळतात. आणि वळण पानाच्या सपाटीतच आहे ना, हे तपासा. पान टोकाशी खाली झुकलं असेल किंवा होडीसारखं वर आलं असेल, तर त्यासाठी दुसरे शब्द आहेत. कागदावर तळहातानं दाबल्यावर वळण नाहीसं झालं, तर ते पान फॅल्केट नव्हतं.

ऑस्ट्रेलियन बाभूळ: एका झाडात दोन आकारशब्द

हे झाड मला सगळ्यात जास्त आवडतं ते शिकवायला. कोकणात आणि गोव्यात रस्त्याकडेला, माळावर, खाणींच्या ओसाड ढिगाऱ्यांवर ते भरपूर लावलं गेलं. लोक त्याला ऑस्ट्रेलियन बाभूळ म्हणतात, नाही तर नुसतं ‘अकेशिया’. मूळचं ते ऑस्ट्रेलियाचा उत्तर भाग, पापुआ न्यू गिनी आणि इंडोनेशिया इथलं. आपल्या मातीतल्या झाडांच्या जागी ते का लावावं, यावर माझं मत प्रतिकूल आहे, पण आकार शिकायला इतका चांगला वर्ग दुसरीकडे मिळणार नाही.

त्याचं पान हातात घ्या. दहा ते वीस सेंटिमीटर लांब, चामड्यासारखं, दोन्ही टोकांकडे निमुळतं, आणि विळ्यासारखं स्पष्ट झुकलेलं. इथे दोऱ्याची गरजच पडत नाही. आता शिरा बघा. एक ठळक मधली शीर आणि तिला फुटलेल्या बाजूच्या शिरा, असा नेहमीचा प्रकार दिसणार नाही. तीन किंवा अधिक ठळक शिरा देठापासून टोकापर्यंत समांतर धावतात. याचं कारण असं, की हे पानच नाही. पानाचा देठ चपटा आणि रुंद होऊन पानाचं काम करायला लागलाय. वनस्पतिशास्त्रात याला ‘फिलोड’ म्हणतात. म्हणून नोंदीत ‘पान फॅल्केट’ असं न लिहिता ‘फिलोड फॅल्केट’ लिहावं; झाड ओळखायला हा फरक मोठा उपयोगी पडतो.

आता झाडाचं नाव: ‘अकेशिया ऑरिक्युलिफॉर्मिस’. नवखा लगेच पानाकडे बघतो आणि म्हणतो, ‘ऑरिक्युलिफॉर्मिस म्हणजे विळ्यासारखं असणार.’ ‘ऑरिक्युला’ म्हणजे कान, ‘-फॉर्मिस’ म्हणजे आकाराचा. कानाच्या आकाराचं या झाडात काय आहे? शेंग. कोवळी शेंग सरळ आणि चपटी असते, पिकताना ती पिळत, गुंडाळत जाते आणि कानाच्या पाळीसारखी वेटोळी होते. उघडल्यावर आतल्या काळसर बिया पिवळ्या-नारिंगी दोरीला लोंबकळताना दिसतात. म्हणजे नाव शेंगेवरून पडलंय आणि डोळ्यांत भरतो तो विळा पानासारख्या दिसणाऱ्या देठाचा आहे.

म्हणून लॅटिन नावातला आकारशब्द वाचला की पहिला प्रश्न हाच विचारा: हा आकार कुठल्या अवयवाचा? नाव ते सांगत नाही. दोडक्याचं ‘लुफा अ‍ॅक्युटँग्युला’ घ्या. ‘अ‍ॅक्युट’ म्हणजे टोकदार, ‘अँग्युला’ म्हणजे कोन. कोन दोडक्याच्या फळावर आहेत, शिराळं म्हणतो ते त्यामुळेच. गुळवेलीच्या ‘कॉर्डिफोलिया’त मात्र ‘फोलिया’ म्हणजे पान स्पष्ट सांगितलंय, हृदयाकृती पानाची. बहाव्याच्या ‘फिस्ट्युला’ म्हणजे नळीत पुन्हा शेंग आली.

आणि नावावर फार भरवसाही टाकू नये. आंब्यावरचं बांडगूळ म्हणजे ‘डेन्ड्रोफ्थी फाल्काता’. नावातच विळा आहे. पण बांडगुळाची पानं इतकी बदलती असतात की एका झाडावर लांबट झुकलेली सापडतील, दुसऱ्यावर रुंद आणि सरळ. नाव देणाऱ्यासमोर जो नमुना होता, त्यावरून नाव पडतं आणि ते कायम राहतं. नाव हे नाव असतं आणि वर्णन हे वर्णन. ओळख पटवायची ती वर्णनावरून.

आणखी दोन झाडं जाता जाता बघून घ्या. निलगिरीची मोठ्या झाडावरची पानं खाली लोंबतात आणि ठळक फॅल्केट असतात. पण निलगिरीच्या रोपांवर, किंवा बुंध्यातून फुटलेल्या नव्या धुमाऱ्यांवर, पानं पुष्कळदा रुंद आणि सरळ असतात. नुसता धुमारा बघून ‘फॅल्केट नाही’ असं ठरवू नका. दुसरा हादगा. त्याची फुलं आपण भाजीला वापरतो. फूल उमलायच्या आधीची मोठी कळी बघा: झोकदार वळलेली, टोकाकडे निमुळती, हुबेहूब विळा. पानाखेरीज दुसऱ्या अवयवाला हा शब्द कसा लावायचा, हे एका कळीत कळतं.

शेजारचे आकार

फॅल्केट नीट समजतो तो त्याच्या शेजाऱ्यांमुळे. वाकलेल्या प्रत्येक गोष्टीला हा शब्द लावायचा मोह होतो, म्हणून हे शेजारी ओळखीचे करून घ्या.

चंद्रकोर हा सगळ्यात जवळचा. तिला ‘ल्यूनेट’ म्हणतात. ‘लूना’ म्हणजे चंद्र. कोरीला दोन्ही टोकं असतात आणि ती मध्यभागी सर्वांत रुंद असते. विळीच्या पात्याचा एक शेवट रुंद आणि जोडलेला, दुसरा टोकदार. पावसाळ्यात सह्याद्रीतल्या दरडींवर आणि जुन्या भिंतींवर एक नाजूक नेचा उगवतो, त्याची पर्णिका अर्ध्या चंद्रासारखी असते. त्याचं जुनं नाव ‘अ‍ॅडिअँटम लुन्युलाटम’, म्हणजे छोट्या चंद्राचा. हा नेचा आणि ऑस्ट्रेलियन बाभूळ एकदा शेजारी ठेवून बघितलीत की फरक पुन्हा विसरणार नाही.

केळं वाकलेलं आहे, पण ते टोकाकडे पात्यासारखं निमुळतं होत जात नाही. असा नुसता धनुष्याचा बाक म्हणजे ‘आर्क्युएट’. काजूचं बी वाकलेलं आहे, पण त्याचे दोन्ही शेवट गोल. तो ‘रेनिफॉर्म’, मूत्रपिंडासारखा. मंडूकपर्णीचं पानही याच घरातलं. कोयत्याचं मी मघाशी म्हटलं: अंग सरळ आणि फक्त टोकाला आकडा, हा ‘अन्सिनेट’. रानात वाघनखीचं वाळकं फळ सापडलं तर त्याचे दोन आकडे बघा. गुरांच्या अंगाला अडकणारे ते आकडे अन्सिनेटचा अर्थ चांगलाच शिकवतात. आणि तलवार म्हणजे ‘एन्सिफॉर्म’. इथे डोळ्यांसमोर वक्र समशेर आणू नका. रोमन तलवार सरळ होती, म्हणून वनस्पतिशास्त्रातली तलवारही सरळ.

आकारशब्दाच्या मागे मूळ वस्तू कशी होती, ते बघावं लागतं ते यासाठी. शब्द त्यांच्या घरातून आलेत. आपल्या घरातली वस्तू ताडताना ती खरोखर जुळते का, हे प्रत्येक वेळी तपासायचं.

झाडांच्या बाहेर

पक्षी बघणाऱ्यांना हा शब्द मोरशराटीत भेटतो. भिगवणला उजनीच्या पाणथळीत या काळपट, उन्हात तांबूस-हिरव्या झळकणाऱ्या पक्ष्यांचे थवे उतरतात. नाव ‘प्लेगाडिस फाल्सिनेलस’. पहिला शब्द ग्रीक, अर्थ विळा. दुसऱ्यात लॅटिन फाल्क्स, अर्थ पुन्हा विळा. लांब, खाली वाकत निमुळती होत गेलेली चोच एकदा दुर्बिणीतून बघा, म्हणजे दोन्ही भाषांना विळाच का आठवला ते कळेल.

कोकणच्या किनाऱ्यावर डॉल्फिन बघायला गेलात तर पाठीवरच्या पराकडे लक्ष द्या. समुद्री सस्तन प्राण्यांच्या वर्णनात फॅल्केट हा नेहमीचा शब्द आहे. बॉटलनोज डॉल्फिनचा पर उंच आणि मागे झुकलेला, स्पष्ट फॅल्केट. फिनलेस पॉरपॉइजला तो परच नसतो. क्षणभर वर येणाऱ्या प्राण्याचा दुसरा काही भाग दिसत नाही, तेव्हा ही एकच खूण कामी येते.

वैद्यकाच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्यांना विळा शरीरातच सापडतो. मेंदूच्या दोन गोलार्धांमध्ये उभा पडदा असतो, तो ‘फाल्क्स सेरेब्री’. पुढे कपाळाकडे अरुंद, मागे रुंद, आतली कड वळलेली; पुन्हा विळीचं पातं. यकृताला पोटाच्या पुढच्या भिंतीशी जोडणारा ‘फॅल्सिफॉर्म लिगामेंट’ही त्याच आकाराचा. दोन्ही ठिकाणी आकार आठवला की जागा आठवते. माझ्या भाचीनं परीक्षेच्या आधी वहीत विळीचं चित्र काढून त्याखाली दोन्ही नावं लिहून ठेवली होती.

आणि फाल्सिपेरम. हिवतापाच्या या जंतूला हे नाव १८९७ मध्ये विल्यम वेल्च यांनी दिलं. अर्थ ‘विळे प्रसवणारा’. रक्तात दिसणारी त्याची नर-मादी रूपं लांबट आणि वाकलेली असतात. त्याच वर्षी २० ऑगस्टला रोनाल्ड रॉस यांना सिकंदराबादला डासाच्या पोटात हिवतापाचा जंतू सापडला. त्या काळचे डॉक्टर याच रूपांना ‘क्रेसेंट’, म्हणजे चंद्रकोर म्हणत. एकच आकार, एकाला विळा दिसला, बाकीच्यांना चंद्र. सूक्ष्मदर्शकाखाली बघितलं तर दोन्ही टोकं सारखीच बोथट, म्हणजे काटेकोर अर्थानं दोन्ही नावं अर्धीच बरोबर. सिकलसेल आजाराचंही असंच. १९१० मध्ये शिकागोत जेम्स हेरिक यांनी विळ्यासारख्या तांबड्या पेशींचं पहिलं वर्णन छापलं आणि ‘सिकल’ हा शब्द कायमचा चिकटला. विदर्भात आणि नंदुरबारकडे हा आजार घरोघरी माहीत आहे. तिथल्या आरोग्यसेविकेला ‘फॅल्केट’ शब्द ठाऊक असण्याची गरज नाही. पण गोल पेशी विळ्यासारखी झाली की बारीक रक्तवाहिनीत अडकते, हे समजावताना तिला विळ्याचं चित्र काढावंच लागतं.

मराठीत लिहिताना

संस्कृतात विळ्याला ‘दात्र’ म्हणतात. त्यावरून ‘दात्राकृती’ असा नेटका शब्द होतो आणि शास्त्रीय वर्णनात तो शोभतो. लोकांसाठी लिहिताना, झाडावर पाटी लावताना मी ‘विळ्यासारखं झुकलेलं’ असंच लिहितो. नुसतं ‘वाकडं’ किंवा ‘बाकदार’ लिहू नका. त्यातून कसं वाकडं ते कळत नाही आणि उद्या तुम्हालाच ती नोंद निरुपयोगी ठरते.

नोंद करताना अवयवाचं नाव आधी, मग आकार, मग किती. उदाहरणार्थ: ‘पर्णिका लांबट, भाल्यासारखी, किंचित विळ्यासारखी झुकलेली; तळ तिरकस; कड दातेरी.’ हा कडुनिंब झाला. ‘फिलोड चामड्यासारखा, ठळक दात्राकृती, तीन समांतर शिरा, शेंग कानासारखी पिळलेली.’ ही ऑस्ट्रेलियन बाभूळ. नावं झाकून या दोन ओळी एखाद्या मित्राला वाचायला द्या आणि झाडं ओळखायला सांगा. ओळखली, तर तुमची नोंद बरोबर जमली.

पावसाळा सुरू होऊन महिना-दीड महिना झाला की ऑस्ट्रेलियन बाभळीच्या जुन्या झाडाखाली वाकून शोधा. बोटभर उंचीची रोपं सापडतील. सगळ्यात खालची पानं बघा, ती आपल्या साध्या बाभळीसारखी पिसासारखी, बारीक पर्णिकांची असतात. त्याच्या वरच्या पानात पिसं आहेत, पण देठ किंचित रुंद झालाय. आणखी वर पिसं कमी, देठ अधिक चपटा, एका बाजूला हळूच झुकायला लागलेला. आणि सगळ्यात वर पिसं गेली, फक्त विळा उरला. रोप उपटू नका; तिथेच बसून खालून वर एकेक पान कागदावर काढा.